अमेरिकी महापौराचे चरित्र मराठीत कसे लिहावे : टॉम जॉन्सन यांच्या निमित्ताने

खानदेशातील महाविद्यालयांत राज्यशास्त्र किंवा लोकप्रशासन शिकणारे विद्यार्थी स्थानिक स्वराज्य संस्थांवरील प्रकल्पासाठी कधी कधी परदेशी महापौर निवडतात आणि जन्म, शिक्षण, पदे व मृत्यू एवढ्या नोंदी करून थांबतात. अशा लेखनातून माणूसही कळत नाही आणि त्याचे शहरही कळत नाही. स्थानिक पुढाऱ्याचे चरित्र त्याने लढवलेल्या एका प्रश्नाभोवतीच उभे करावे, असे माझे ठाम मत आहे. ओहायो राज्यातील क्लीव्हलँडचे १९०१ ते १९०९ या काळातील महापौर टॉम जॉन्सन यांच्याबाबतीत हा प्रश्न ट्रामच्या भाड्याचा होता. पाच सेंटांऐवजी तीन सेंटांत प्रवास मिळावा, यासाठी त्यांची जवळजवळ सगळी कारकीर्द खर्ची पडली.

लेखनाला बसण्यापूर्वी अधिकारांतील फरक समजून घ्यावा. जळगाव किंवा धुळे महानगरपालिकेत नगरसेवक महापौर निवडतात आणि प्रशासन आयुक्तांच्या हाती असते. जॉन्सन यांना मात्र मतदारांनी थेट निवडले होते आणि शहराच्या प्रशासनाचे प्रमुखही तेच होते. मुदत दोन वर्षांची असल्याने त्यांना १९०१, १९०३, १९०५ आणि १९०७ असे चार वेळा निवडून यावे लागले. हे सुरुवातीलाच न सांगितल्यास आपल्याकडील वाचक प्रत्येक निर्णयाबद्दल 'मग आयुक्त काय करत होते?' असे विचारील.

बालपणातील सगळे प्रसंग घेऊ नयेत. पुढच्या प्रश्नाशी जोडलेले तेवढेच घ्यावेत. जॉन्सन यांचा जन्म १८ जुलै १८५४ रोजी केंटकीत झाला आणि अमेरिकेतील यादवी युद्धात घराची आर्थिक स्थिती ढासळली. युद्ध संपताना दहा-अकरा वर्षांच्या या मुलाला व्हर्जिनियातील स्टॉन्टन येथे एका रेल्वे कंडक्टरच्या मेहेरबानीने गाडीतून येणारी वृत्तपत्रे विकण्याचा एकट्याचा हक्क मिळाला आणि पाच आठवड्यांत त्याने चांदीचे ८८ डॉलर कमावले. मक्तेदारीत पैसा किती सहज मिळतो, हे त्याला तेव्हाच कळले. पुढे त्यांनी ट्रामसाठी भाड्याची नाणी टाकण्याची काच लावलेली पेटी तयार केली. टाकलेले नाणे काचेतून सर्वांना दिसत असल्याने हिशेबात लबाडी करणे अवघड होई. ट्रामच्याच धंद्यात श्रीमंत झालेला माणूस पुढे ट्राम कंपन्यांच्या विरोधात उभा राहतो, हा चरित्रातला खरा पेच आहे आणि त्याला भरपूर जागा द्यावी. मक्तेदारीला विरोध करणारे आणि जमिनीच्या किमतीवरच कर असावा असे मांडणारे अमेरिकी अर्थचिंतक हेन्री जॉर्ज यांच्या विचारांनी त्यांच्यात बदल घडवला, हेही तिथेच लिहावे. १८९१ ते १८९५ या काळातील अमेरिकी संसदेचे सदस्यत्व दोन ओळींत आटोपले तरी चालेल.

शहराच्या रस्त्यांवर ट्राम चालवण्याचा कंपनीला मिळणारा परवाना समजावताना आठवडे बाजाराच्या वसुलीचा ठेका डोळ्यांसमोर आणावा : जागा नगरपालिकेची, वसुली ठेकेदाराची आणि वाद मुदत व दर यांचा. कर आकारणी मात्र स्वतंत्रपणे मांडावी. रेल्वे कंपन्यांची आणि बड्या मालकांची मालमत्ता कमी किमतीची दाखवली जाते, हे लोकांना कळावे म्हणून जॉन्सन यांच्या काळात त्यांचे सहकारी पीटर विट यांच्याकडे 'कर-शाळा' सोपवण्यात आली होती. घरपट्टीची नोटीस हाती आल्यावर शेजाऱ्याची आकारणी विचारणाऱ्या आपल्या वाचकाला हा भाग फार जवळचा वाटेल. प्रचारासाठी जॉन्सन मोठ्या तंबूत सभा घेत आणि श्रोत्यांच्या प्रश्नांना तिथेच उत्तरे देत, हेही नोंदवावे.

त्यांचे आत्मचरित्र १९११ मध्ये प्रसिद्ध झाले आणि ते इंटरनेटवर विनामूल्य वाचता येते. ते लढवय्याने आपल्या बाजूने सांगितलेले असल्याने त्यातील प्रत्येक विजय त्या काळच्या विरोधी वृत्तपत्रांशी ताडून पाहावा. अमेरिकी संसदेच्या 'लायब्ररी ऑफ काँग्रेस' या ग्रंथालयाने जुनी वृत्तपत्रे सर्वांसाठी खुली ठेवली आहेत. अपयश लपवू नये. एप्रिल १९०८ मध्ये ट्रामचा कारभार लोकहितासाठी स्थापन केलेल्या कंपनीकडे आला, मे महिन्यात संप झाला आणि ऑक्टोबरमध्ये या व्यवस्थेवर घेतलेल्या मतदानात सुमारे सहाशे मतांच्या फरकाने कौल विरोधात गेला. १९०९ मध्ये ते निवडणूक हरले. १९१० मध्ये झालेल्या तडजोडीत तीन सेंटांचे भाडे आले आणि १० एप्रिल १९११ रोजी त्यांचे निधन झाले. हा क्रम जसाच्या तसा ठेवल्यास पराभव आणि यश दोन्ही वाचकाला दिसतात.

शेवटी त्याच वर्षांतील खानदेशाची नोंद जोडावी. मुंबई इलाख्यातील नगरपालिकांचा कायदा १९०१ चा आहे आणि खानदेश जिल्ह्याचे पूर्व व पश्चिम असे विभाजन १९०६ चे. आपल्याकडे तेव्हा मताचा हक्क मोजक्या लोकांनाच होता आणि क्लीव्हलँडमध्येही महापौर निवडताना स्त्रियांना मत नव्हते, हे एका परिच्छेदात यावे. मसुदा पूर्ण झाल्यावर तो नगरपालिकेच्या कर विभागात काम केलेल्या एखाद्या जाणकाराला वाचायला द्यावा, कारण आकारणी आणि ठेका यांबद्दलची ढिसाळ वाक्ये इतिहासाच्या प्राध्यापकांपेक्षा त्याच्या नजरेत लवकर येतात.