वाळवंटी घळींत पहिल्यांदा उतरताना: या चुका टाळा

अमेरिकेच्या नैऋत्य भागात, विशेषतः यूटा आणि ॲरिझोना या राज्यांत, पुराच्या पाण्याने वालुकाश्मात कोरलेल्या शेकडो अरुंद घळी आहेत. त्यांना स्लॉट कॅनियन म्हणतात. हार्नेस (कमरेला व मांड्यांना बांधायचा पट्ट्यांचा साज), हेल्मेट आणि दोर घेऊन अशा घळीत वरच्या तोंडाने शिरायचे, कडे लागतील तिथे रॅपल करत, म्हणजे दोरावरून, उतरायचे आणि खालच्या तोंडाने बाहेर पडायचे, हा खेळ म्हणजे कॅनियनीअरिंग. गाइडसोबत जाणाऱ्या नवख्याला त्यात साहस भरपूर आणि धोका बेताचा असतो. मात्र पहिला कडा उतरून गाइडने दोर खाली ओढून घेतला की परतीची वाट बंद होते आणि उरलेली घळ पार करण्यावाचून पर्याय राहत नाही. म्हणूनच अनेक चुका सुधारण्याची खरी जागा घळीच्या वर असते, आणि काही चुकांच्या बाबतीत तर ती घळीपासून कित्येक मैल दूर, सहल ठरवतानाच्या टेबलावर असते.

नावावर भाळून सहल ठरवणे

यूटातील झायन नॅशनल पार्कचे नाव वाचून अनेक जण सहल ठरवतात आणि प्रत्यक्षात आपण पार्कच्या आत गेलोच नाही म्हणून नाराज होतात. झायनच्या हद्दीतील घळींमध्ये व्यावसायिक गाइडला गट घेऊन जाण्याची परवानगी नाही. त्यामुळे तिथल्या कंपन्या आपल्या गटांना पार्कबाहेरच्या सरकारी किंवा खाजगी जमिनीवरील घळींत नेतात. त्या घळी कमी प्रतीच्या आहेत असे मुळीच नाही. नवख्यांसाठी त्यांपैकी काही अधिक सोयीच्याच आहेत. कोणती घळ आणि कोणाच्या जमिनीवर, हे पैसे भरण्यापूर्वी विचारून घेतले म्हणजे झाले. सरकारी जमिनीवर व्यवसाय करणाऱ्या कंपनीकडे संबंधित खात्याचा परवाना असावा लागतो, तोही विचारायला संकोचू नये.

याच्या उलट गैरसमज अँटिलोप कॅनियनबाबत होतो. ती ॲरिझोनात, नावाजो या मूळ अमेरिकी जमातीच्या भूमीत (नावाजो नेशन) असलेली घळ आहे, तिथे अधिकृत गाइडशिवाय प्रवेश मिळत नाही आणि ती सहल चालण्याची, फार तर लोखंडी शिड्या उतरण्याची आहे. तिथे दोराचा संबंध नाही. छायाचित्रे अँटिलोपची पाहायची आणि सहल रॅपलिंगची घ्यायची, किंवा नेमके याच्या उलट करायचे, अशी गल्लत बरेच जण करतात.

गाइड घळीविषयी ‘तीन-ए’ किंवा ‘तीन-बी’ असे बोलतात, तेव्हा मान डोलावून गप्प बसू नये. या श्रेणीत एक ते चार हा अंक चढउताराची अवघडता सांगतो आणि तीन म्हणजे दोर लागणारच. पुढचे अक्षर पाण्याविषयी असते: ए म्हणजे कोरडी किंवा जेमतेम पाण्याची घळ, बी म्हणजे साचलेले पाणी, ज्यात चालावे किंवा पोहावे लागू शकते, आणि सी म्हणजे वाहते पाणी. पोहता न येणाऱ्याने बीवर नजर ठेवलीच पाहिजे. सोबत येणारा रोमन अंक लागणाऱ्या वेळेचा अंदाज देतो.

उंचीची भीती, गुडघ्याची जुनी दुखापत, दमा, बंदिस्त जागेत होणारी घुसमट किंवा हार्नेसच्या मापाबाहेरचे वजन यांपैकी काही असेल, तर ते सहल ठरवतानाच सांगावे. या माहितीवरून गाइड योग्य घळ निवडतो. वाटेत तिसऱ्या कड्यावर ती कळून त्याला काहीच उपयोग नसतो.

एक किरकोळ वाटणारी, पण सकाळ वाया घालवणारी बाब घड्याळाची. उन्हाळ्यात यूटा राज्य घड्याळे एक तास पुढे करते. ॲरिझोना करत नाही, मात्र नावाजो नेशन करते. यूटातील केनॅबला मुक्काम आणि ॲरिझोनातील पेजजवळ भेटण्याची वेळ, अशा बेतात मोबाइल कोणत्या टॉवरचा वेळ दाखवतो आहे यावर विसंबून राहू नये. वेळ कोणत्या राज्याची, हे लेखी विचारून घ्यावे.

डोक्यावरचे आकाश पाहून निश्चिंत होणे

ही सर्वांत महागात पडणारी चूक आहे. वालुकाश्माचे उघडे पठार पाणी फारसे मुरवून घेत नाही. दूरवर पडलेला पाऊस उतारांवरून धावत एकाच अरुंद फटीत शिरतो, आणि तिथे आपण उभे असतो. १२ ऑगस्ट १९९७ रोजी लोअर अँटिलोप कॅनियनमध्ये असाच लोंढा आला. पाऊस कित्येक मैल वरच्या अंगाला झाला होता. त्या लोंढ्यात अकरा पर्यटकांचा मृत्यू झाला, फक्त त्यांचा गाइड वाचला. १४ सप्टेंबर २०१५ रोजी झायनमधील कीहोल कॅनियनमध्ये गाइडविना उतरलेल्या गटातील सातही जण पुरात मरण पावले. कीहोल ही लांबीने लहान आणि तुलनेने सोपी मानली जाणारी घळ आहे, हे इथे मुद्दाम लक्षात घेण्यासारखे आहे.

म्हणून हवामान शहराचे नव्हे, तर त्या घळीच्या संपूर्ण पाणलोटाचे पाहावे लागते. झायन परिसरासाठी हवामान खाते लोंढ्याच्या शक्यतेचा रोजचा अंदाज चार पायऱ्यांत देते: अपेक्षित नाही, शक्य, संभाव्य आणि अपेक्षित. जुलैच्या मध्यापासून सप्टेंबरपर्यंत या प्रदेशात मोसमी वादळांचा काळ असतो आणि ढग बहुधा दुपारी जमतात, म्हणून गाइड पहाटेची वेळ देतात. त्यावर कुरकुर करून नऊची मागणी करणे म्हणजे आपलीच सुरक्षिततेची मुदत कमी करणे होय. गाइडने सहल रद्द केली किंवा घळ बदलली तर वाद घालू नये. मी तर असे म्हणेन की, कोणत्या परिस्थितीत सहल रद्द करता आणि अशा वेळी पैशांचे काय होते, या प्रश्नाला स्पष्ट उत्तर न देणाऱ्या कंपनीकडे जाऊच नये.

आत असताना पाणी अचानक गढूळ झाले, काटक्या आणि पालापाचोळा वाहत येऊ लागला, वरून वाऱ्याचा झोत किंवा घरघर ऐकू आली, तर ताबडतोब गाइडला सांगावे आणि तो दाखवेल त्या उंच जागी चढावे. घळीच्या खालच्या दिशेने पळून लोंढ्याला मागे टाकता येत नाही.

पोशाख आणि पाठीवरचे ओझे

उन्हाळा आहे म्हणून अर्ध्या चड्डीत येणारे जण संध्याकाळपर्यंत गुडघे आणि कोपरे सोलून घेतात. वालुकाश्माची भिंत पॉलिश पेपरसारखी घासते. पूर्ण लांबीची मळखाऊ विजार, लांब बाह्यांचा सदरा, गुडघ्यांना आवरण आणि घट्ट पकडीच्या तळव्याचे बंद बूट, एवढे पुरते. पाण्याच्या घळीत सुती कपडे नकोत, कारण ते ओले राहतात आणि शरीराची ऊब शोषून घेतात.

बॅग लहान आणि अरुंद असावी. बाहेर लटकणारे पट्टे, बाटल्या आणि सेल्फी स्टिक हे सर्व भिंतीत अडकते. मोबाइल आणि कोरडा सदरा जलरोधक पिशवीत ठेवावा, तोही ती पिशवी घरी पाण्यात बुडवून तपासल्यावर.

दोरावर होणाऱ्या चुका

कड्याच्या काठावर उभे राहिल्यावर नवखा माणूस हमखास पुढे वाकतो, डिसेंडरच्या (दोर ज्यातून घर्षणाने हळूहळू सरकतो त्या हार्नेसवरच्या साधनाच्या) वरचा दोर दोन्ही हातांनी आवळतो आणि पाय सरळ खाली सोडतो. परिणामी बूट निसटतात आणि गुडघे व हनुवटी दगडावर आपटतात. यावरचा उपाय मनाला न पटणारा आहे: हार्नेसमध्ये खुर्चीत बसल्यासारखे मागे रेलायचे, पाय खांद्याएवढे फाकवून तळवे भिंतीला सपाट टेकवायचे आणि भिंतीशी जवळपास काटकोन होईपर्यंत वजन दोरावर सोडायचे. काठाची पहिली दोन पावले कठीण, त्यानंतर शरीर स्वतःच शिकते. शरीराचे वजन धरून ठेवते ती वरची मूठ नव्हे, तर कमरेच्या खाली, मागच्या बाजूला असलेला ब्रेकचा हात. तो हात चेहऱ्यावरचे केस सारण्यासाठी, चष्मा सावरण्यासाठी किंवा छायाचित्रासाठी हात हलवण्यासाठीसुद्धा सोडायचा नाही.

वेग फार झाला आणि तळहात तापू लागला तर ब्रेकचा दोर नितंबाच्या मागे वळवून घ्यावा, घर्षण वाढते. हातमोजे असतील तर उत्तम. याउलट हलक्या वजनाची व्यक्ती जागच्या जागी अडकते. तेव्हा उड्या मारू नयेत, हाताने दोर थोडा थोडा डिसेंडरमध्ये सरकवत उतरावे. उड्यांनी दोर वर जिथे बांधलेला असतो त्या आधारावर धक्के बसतात आणि काठाच्या दगडावर दोर घासतो. नवख्यांसाठी खाली कोणीतरी दोर हातात धरून उभा असतो. तुमचा हात सुटलाच तर तो दोर ताणून तुम्हाला थांबवतो. या व्यवस्थेला फायरमन बिले म्हणतात. ती आहे की नाही, हे वरून उतरण्यापूर्वी विचारावे.

मोकळी वेणी, ओढणीसारखे कापड किंवा ढिला सदरा डिसेंडरमध्ये ओढला जाणे, ही प्रत्यक्षात घडणारी आणि वेदनादायक घटना आहे. केस हेल्मेटखाली, सदरा हार्नेसमध्ये खोचलेला असावा. तरीही काही अडकले तर तिथेच थांबावे, ओरडून सांगावे, आणि गाइड दोराला पायाचे फासे लावून तुमचे वजन डिसेंडरवरून काढेपर्यंत हात ब्रेकवर ठेवावा. ताणलेल्या दोराजवळ चाकू काढणे हा मूर्खपणा आहे.

लघुशंकेसाठी थांबल्यावर ढिला केलेला हार्नेस परत पूर्ण आवळायचे राहून जाणे ही आणखी एक साधी चूक. कमरेचा पट्टा हाडांच्या वर, बकल पूर्ण आत ओवलेले, कॅराबिनरचे (दोर व हार्नेस जोडणाऱ्या धातूच्या कडीचे) कुलूप फिरवलेले: दर कड्यापूर्वी हे स्वतः पाहावे आणि शेजाऱ्यालाही दाखवावे. गाइड तपासतोच, पण दहा जणांच्या गटात त्याची नजर प्रत्येक विसाव्यावर पोहोचत नाही.

खाली पोहोचल्यावर दोर सोडवून दगड पडण्याच्या टप्प्यातून बाजूला व्हावे, मगच ‘ऑफ रोप’ अशी हाक द्यावी. उतरल्या जागीच उभे राहून वरच्याचे छायाचित्र काढणाऱ्याच्या हेल्मेटवर पहिला दगड पडतो. वळणावळणाच्या घळीत हाक ऐकू येत नाही, म्हणून शिट्टीच्या खुणा सुरुवातीलाच पाठ कराव्यात. गाइडनिहाय त्या वेगळ्या असू शकतात.

अरुंद फटी, डबकी आणि उड्या

उंची जेमतेम पुरुषभर आहे, असे वाटून उडी मारणे हे पायमुरगळीचे आणि हाड मोडण्याचे नेहमीचे कारण आहे. वाळूच्या आतला दगड दिसत नाही, डबक्याची खोली गढूळ पाण्यात कळत नाही आणि मोडलेल्या पायाने घळ पार करणे म्हणजे पूर्ण गटाचे संकट. बसून सरकावे, दोन्ही भिंतींना पाठ आणि पाय टेकवत उतरावे किंवा गाइडचा खांदा मागावा.

फटीत अडकल्यासारखे वाटले की माणूस घाबरून श्वास भरतो आणि छाती फुगून अधिकच अडकतो. तिथे थांबावे, बॅग काढून पुढे द्यावी, श्वास सोडावा आणि बाजूने सरकावे. अनेक फटी तळाशी निमुळत्या व वर जराशा रुंद असतात, म्हणून वजन खाली सोडू नये. किंचित वर चढून पुढे सरकणे सोपे जाते. डोके वळवताना हेल्मेट अडकते, हेही ध्यानात ठेवावे.

उन्हाळ्यातही सूर्यप्रकाश न पोहोचणाऱ्या डबक्यांतील पाणी बोचरे थंड असते. दात वाजणे, बोटांनी कॅराबिनर उघडता न येणे किंवा बोलणे अडखळणे, ही चिन्हे लपवून धीर दाखवू नये. गाइडजवळ वेटसूट किंवा कोरडे कपडे असतात, पण ते मागावे लागतात.

बाहेर पडल्यावर सहल संपत नाही. गाडीपर्यंतची वाट बऱ्याचदा भर दुपारच्या उन्हात, रेताड चढावर असते. राष्ट्रीय उद्यानांचा सल्ला माणशी दिवसाला सुमारे चार लिटर पाण्याचा आहे. त्यातले एक लिटर आणि काहीतरी खारट खाणे या शेवटच्या चालीसाठी राखून ठेवावे, कारण आतल्या सावलीत तहान लागत नाही आणि बाटल्या न उघडताच तास निघून जातात.