विनोदाला हशा आला नाही तर निवेदकाने काय करावे

गणेशोत्सवातील सांस्कृतिक कार्यक्रम असो, शाळेचे स्नेहसंमेलन असो किंवा कार्यालयातील निरोप समारंभ असो, निवेदकाने केलेला विनोद कधी ना कधी पडतोच. अशा वेळी पुढच्या दोन-तीन क्षणांत निवेदक जे करतो, त्यावर त्या संध्याकाळचा सूर पुष्कळ अंशी अवलंबून असतो.

सर्वप्रथम शांततेचे कारण ओळखावे. विनोद ऐकूच गेला नाही, ऐकू गेला पण कळला नाही, की कळला आणि कोणाला तरी लागला, या तीन गोष्टी वेगळ्या आहेत आणि तिघींवरचे उपाय एकमेकांच्या जागी चालत नाहीत. उघड्या मैदानावर तर हशा प्रत्यक्षात झालेला असूनही व्यासपीठावर ऐकू येत नाही, कारण तो परतवून लावायला भिंती किंवा छप्पर नसते. शिवाय ध्वनी सेकंदाला सुमारे 340 मीटर वेगाने जातो. म्हणजे ध्वनिक्षेपक फक्त व्यासपीठाजवळ असतील तर सत्तर मीटर अंतरावरच्या रांगेला शब्द सुमारे पंचमांश सेकंद उशिरा पोहोचतो आणि तिथला हशा परत यायला तेवढाच वेळ आणखी लागतो. म्हणून मैदानात कानांपेक्षा पहिल्या रांगांतील चेहऱ्यांवर विश्वास ठेवावा आणि वाक्य संपल्यावर एक श्वास थांबावे.

विनोद कळला नसेल तर तो समजावून सांगू नये. शब्दावरची कोटी उलगडून दाखवली की तिच्यात उरलेली थोडीफार गंमतही निघून जाते आणि श्रोत्यांना आपल्याला अडाणी ठरवल्यासारखे वाटते. ‘आज मंडळी फारच गंभीर दिसतात’ हे वाक्य तर कटाक्षाने टाळावे, कारण त्यातून आपल्या चुकीचा दोष आपण समोरच्यांच्या माथी मारतो. त्याऐवजी आवाजाची पट्टी न बदलता पुढच्या कलाकाराचे नाव घ्यावे. हे सहज जमावे म्हणून संहिता लिहितानाच प्रत्येक विनोदानंतर पुढच्या कार्यक्रमाकडे नेणारे एक साधे वाक्य लिहून ठेवावे. हशा आला तर ते त्यानंतर म्हणावे, न आला तर लगेच.

निवेदक दोघे असतील तर काम अधिक सोपे होते. तमाशातील सोंगाड्याचे उत्स्फूर्त बोलणे रंगते, त्यात समोरून प्रश्न टाकणाऱ्या जोडीदाराचा मोठा वाटा असतो. तशीच समज दोन निवेदकांत आधी ठरवून घ्यावी: एकाचे वाक्य पडले की दुसऱ्याने सूत्र हाती घ्यावे, मात्र जोडीदाराची थट्टा करून नव्हे.

विनोद लागला असेल तेव्हा मात्र पुढे सरकणे हा उपाय नाही. एका निरोप समारंभात मी निवृत्त होणाऱ्या सहकाऱ्यांच्या उशिरा येण्यावर बोललो. सभागृह गप्प झाले आणि पहिल्या रांगेत बसलेल्या वहिनींनी मान खाली घातली. घरी अंथरुणाला खिळलेल्या आईचे सकाळचे सारे करून ते कचेरीत येत असत, हे मला नंतर कळले. त्या क्षणी मी ‘गंमत केली हो’ म्हणालो आणि ते अधिकच बोचले, कारण त्या शब्दांनी वाईट वाटून घेण्याची चूक त्यांच्याकडे गेली. ‘कोणाच्या भावना दुखावल्या असतील तर’ अशी अट घातलेली क्षमाही तेच करते. ‘मी हे बोलायला नको होते, मला क्षमा करा’ एवढे एक सरळ वाक्य पुरते. ते एकदाच म्हणावे, नाही तर समारंभ सत्कारमूर्तीचा न राहता निवेदकाच्या पश्चात्तापाचा होतो. बाकीचे बोलणे कार्यक्रमानंतर त्या व्यक्तीला भेटून, माईक हातात नसताना करावे. त्या दिवशी मी ते केले नाही; आठवड्याने त्यांच्या घरी गेलो, तेव्हा वहिनींनी चहा दिला, पण त्या बाहेर येऊन बसल्या नाहीत.