कॉम्प्युटर सुरू होत नाही? फाइल्स वाचवायच्या असतील तर या चुका टाळा

लॅपटॉप उघडेना की आपण तो उचलतो आणि जवळच्या दुकानात नेतो. नौपाडा असो की कोपरखैरणे, काउंटरवरचा मुलगा बटण दाबून बघतो आणि सांगतो, "विंडोज उडालंय, फॉरमॅट मारावं लागेल, संध्याकाळी घेऊन जा." आपण "बरं" म्हणतो. त्या एका "बरं"मध्ये बारशापासूनचे फोटो, सोसायटीचे हिशोब, वडिलांच्या पेन्शनचे कागद जाऊ शकतात. त्या मुलाची यात लबाडी नसते. त्याला मशीन चालू करून द्यायचं असतं आणि तुम्हाला फाइल्स हव्या असतात. ही दोन वेगळी कामं आहेत आणि फाइल्सचं काम नेहमी आधी करायचं.

दुकानात द्यायचाच असेल तर पावतीवर लिहून घ्या: "डेटा काढल्याशिवाय फॉरमॅट करू नये." तोंडी सांगितलेलं आतल्या कारागिरापर्यंत पोहोचेलच असं नाही. मशीन वॉरंटीत असेल तर जास्त जपा. खराब डिस्क बदलून मिळते, पण जुनी बहुधा परत मिळत नाही आणि डेटाची जबाबदारी आमची नाही, असं जॉबशीटवर छापलेलं असतं.

"माझं सगळं डी ड्राइव्हला आहे, सी उडवा" हेही बेधडक सांगू नका. बऱ्याच लॅपटॉपमध्ये सी आणि डी हे एकाच डिस्कचे दोन भाग असतात. डिस्कच मरत असेल तर दोन्ही जातात. डेस्कटॉपवर ठेवलेलं सगळं तर सहसा सीमध्येच असतं. शिवाय विंडोज टाकताना यादीत सी-डी ही अक्षरं दिसत नाहीत, पार्टिशनचे, म्हणजे डिस्कच्या भागांचे, नुसते आकडे दिसतात. चुकीच्या ओळीवर डिलीट पडतं ते तिथेच.

आधी बिघाड ओळखा

पंखा फिरतोय, दिवा लागतोय, पण स्क्रीन काळी? एचडीएमआय केबलने टीव्हीला जोडा. टीव्हीवर चित्र आलं तर गेलाय फक्त डिस्प्ले. मशीन वीजच घेत नसेल तर दोष चार्जर, बॅटरी किंवा मदरबोर्डचा असतो आणि डिस्क बहुधा ठणठणीत असते. मोबाइलवरून वनड्राइव्ह, म्हणजे मायक्रोसॉफ्टची ऑनलाइन साठवणही उघडून बघा. मायक्रोसॉफ्ट अकाउंटने लॉगिन असेल तर डेस्कटॉप आणि डॉक्युमेंट्स तिथे आपोआप चढलेले असू शकतात. मोफत जागा मात्र ५ जीबीच असते.

पावसात बॅग भिजून लॅपटॉपमध्ये पाणी गेलं असेल तर "चालतोय का" म्हणून बटण दाबूच नका. चार्जर काढा, बंद करा आणि डिस्क बाहेर काढून घ्या.

टक्-टक् आवाज आला की थांबा

जुन्या, फिरत्या तबकडीच्या हार्ड डिस्कमधून ठरावीक अंतराने टक्-टक् आवाज येत असेल तर बहुधा वाचणारं हेड निकामी होत असतं. तबकडी मिनिटाला ५४०० किंवा ७२०० फेरे घेते. बिघडलेलं हेड तिला घासलं की वरचा चुंबकीय थर खरवडला जातो आणि तिथला डेटा कोणतीही लॅब परत आणू शकत नाही. म्हणून "अजून एकदा लावून बघू" नको. फ्रीजरमध्ये ठेवायचा जुना उपाय तर मुळीच नको. बाहेर काढल्यावर आपल्या खाडीकाठच्या दमट हवेत डिस्कला पाणी सुटतं. डिस्क घरी उघडू नका. ते काम क्लीनरूममध्ये, म्हणजे धूळमुक्त खोलीतच होतं आणि महाग असतं, त्यामुळे खर्चाचा अंदाज आधी लेखी मागा.

आवाज नाही पण डिस्क कमालीची मंद आहे, तरी चेकडिस्क हे विंडोजमधलं डिस्क तपासायचं साधन चालवू नका. ते डिस्कवरची नोंदवही दुरुस्त करतं. त्या दुरुस्तीत तुमच्या फाइल्सचे तुकडे झाले तरी त्याला चालतं. आधी पूर्ण डिस्कची प्रत काढा. लिनक्सवर त्यासाठी डीडीरेस्क्यू नावाचं सॉफ्टवेअर आहे. मग प्रयोग त्या प्रतीवर करा.

डिस्क धड असेल तर

विंडोजचा दुरुस्तीचा निळा पडदा येत असेल तर पेनड्राइव्ह जोडा. ट्रबलशूट, ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स, कमांड प्रॉम्प्ट असं जा, इंग्रजीत notepad टाइप करा आणि एंटर दाबा. फाइल-ओपनमध्ये "ऑल फाइल्स" निवडलं की तुमचे फोल्डर दिसतात. राइट क्लिकने कॉपी करून पेनड्राइव्हवर पेस्ट करा. इथे सीचं अक्षर बदललेलं असू शकतं, घाबरू नका. कॉपी किती झाली ते दाखवणारी पट्टी दिसत नाही, सगळं गोठल्यासारखं वाटतं. तेव्हा बंद केलंत तर अर्धवट फाइल्स हाती येतात. शेजारचं "रीसेट धिस पीसी" तूर्त सोडून द्या, "कीप माय फाइल्स" लिहिलेलं असलं तरी.

तेही जमलं नाही तर डिस्क काढून एन्क्लोजरमध्ये, म्हणजे यूएसबी जोडणी असलेल्या डबीत घाला आणि दुसऱ्या कॉम्प्युटरला यूएसबीने जोडा. एन्क्लोजर घ्यायला जाताना डिस्क सोबत न्या. एम डॉट टू एसएसडीत (नव्या लॅपटॉपमधली, तबकडी नसलेली पट्टीसारखी डिस्क) साटा आणि एनव्हीएमई असे दोन प्रकार असतात आणि एकाचं एन्क्लोजर दुसऱ्याला चालेलच असं नाही. डेस्कटॉपच्या साडेतीन इंची डिस्कला वेगळा पॉवर ॲडॉप्टर लागतो. जोडल्यावर विंडोज विचारेल, ही डिस्क फॉरमॅट करायची का? कॅन्सल करा. दर वेळी कॅन्सल.

नव्या लॅपटॉपमध्ये इथे बिटलॉकर, म्हणजे विंडोजचं डिस्कचं कुलूप, आडवं येतं. डिस्क आपोआप कुलूपबंद झालेली असते आणि ४८ आकडी रिकव्हरी की मागते. ती सहसा मायक्रोसॉफ्ट अकाउंटच्या साइटवर, डिव्हाइसच्या यादीत मिळते. लॅपटॉप घेताना ज्याच्या अकाउंटने सेटअप झाला त्याच्याकडे विचारा. तो मुलगा असेल, जावई असेल. ऑफिसचं मशीन असेल तर की आयटी विभागाकडे असते. कीशिवाय ही डिस्क कोणीही उघडू शकत नाही, म्हणून आज मशीन चालू असेल तर आजच की कागदावर उतरवून ठेवा.

फाइल्स डिलीट झाल्या असतील आणि रिकव्हरी सॉफ्टवेअर वापरायचं असेल, तर ते त्याच डिस्कवर टाकू नका आणि सापडलेल्या फाइल्सही तिथे साठवू नका. असं फोटोरेक हे सॉफ्टवेअर मोफत आहे आणि चांगलं आहे. एसएसडीवर मात्र ट्रिम या रिकामी जागा साफ करणाऱ्या सोयीमुळे डिलीट झालेलं बहुधा लगेच पुसलं जातं, तिथे फार आशा धरू नका.

कॉपी झाल्यावर दुसऱ्या कॉम्प्युटरवर फाइल्स उघडून बघा, मोठे व्हिडिओ शेवटपर्यंत. जुन्या मराठी फाइल्समध्ये अगम्य अक्षरं दिसली तर त्या खराब झाल्या असं समजून टाकून देऊ नका. त्या श्रीलिपी, आकृती, कृतिदेव अशा फॉन्टमध्ये टाइप केलेल्या असतात आणि नव्या मशीनवर तो फॉन्ट नसतो. म्हणून विंडोजमधला फॉन्ट्स फोल्डरही कॉपी करा, टॅली वापरत असाल तर तिचा डेटा फोल्डरही. हे सगळं दोन ठिकाणी साठवलं की मग दुकानात खुशाल सांगा, फॉरमॅट मारा.