सोळा आण्यांची बेरीज: सातबाऱ्यावरची आणेवारी कशी वाचायची

गेल्या डिसेंबरात माझ्या चुलतभावाचा डोंबिवलीहून फोन आला. आवाज घाबरलेला. "ताई, बातम्यांत सांगतायत, आणेवारी पन्नास पैशांच्या आत आली. आपला हिस्सा कमी केला की काय कुणी?"

बातमी मराठवाड्यातल्या गावांची होती आणि आमची जमीन कोकणात, लांजा तालुक्यात. मराठवाड्यातल्या पिकाचा आमच्या हिश्श्याशी काही संबंध नव्हता. पण त्याचा घोळ मला समजला. शब्द एकच, कामं दोन. एक आणेवारी सांगते की सामाईक जमिनीत कुणाचा वाटा किती. दुसरी सांगते की यंदा गावात पीक किती आलं. दोन्हीकडे 'पूर्ण' म्हणजे सोळा आणे, एवढंच काय ते त्यांचं नातं.

मी एकतीस वर्षं माध्यमिक शाळेत गणित शिकवलं. वडील गेल्यावर घरचे कागद माझ्याकडे आले, तेव्हा हा शब्द मला पहिल्यांदा नीट वाचावा लागला. जे कळलं ते इथे मांडते आहे, कारण हा हिशेब पाचवीतल्या मुलाला जमेल इतका सोपा आहे आणि तरी घरोघरी तो न करताच सह्या होतात.

आधी कोष्टक. एका रुपयाचे सोळा आणे, एका आण्याच्या बारा पै, म्हणजे रुपयाच्या १९२ पै. हा १९२ चा आकडा लक्षात ठेवा, पुढे सगळं त्याच्यावर चालतं. दोन आणे म्हणजे चवली, चार आणे पावली, आठ आणे अधेली. जुन्या कागदांत आणे आकड्यांऐवजी उभ्या रेघांनी दाखवलेले सापडतात: एक रेघ चार आणे, दोन रेघा आठ, तीन रेघा बारा. १ एप्रिल १९५७ ला दशमान पद्धत आली आणि रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. आपण ज्याला चार आणे म्हणत राहिलो ते पंचवीस पैशांचं नाणं ३० जून २०११ ला चलनातून गेलं. सातबाऱ्यांवरचे आणे मात्र गेले नाहीत.

आता हिश्श्याची आणेवारी. जमीन कितीही मोठी असो, ती सोळा आणे धरायची. तिचे तुकडे मोजून वेगळे झाले नसतील, पोटहिस्से पडले नसतील, तर सातबाऱ्यावर सगळ्या हिस्सेदारांची नावं एकाखाली एक येतात आणि प्रत्येकापुढे त्याचे आणे-पै. ५ आ. ४ पै दिसलं की १२ × ५ + ४ = ६४ पै, आणि १९२ पैकी ६४ म्हणजे एक तृतीयांश.

आमचंच उदाहरण घेते. क्षेत्र १ हेक्टर २० आर, म्हणजे १२० आर. आजोबांनी ही जमीन स्वतःच्या पैशाने विकत घेतलेली. आजी त्यांच्या आधी गेली, आजोबा १९७८ मध्ये. सातबाऱ्यावर तीन मुलगे लागले, प्रत्येकी ५ आ. ४ पै. माझे वडील त्यातले मधले. वडिलांमागे आई आणि आम्ही तीन भावंडं, एकूण चौघं. ६४ भागिले ४, सोळा पै, म्हणजे १ आ. ४ पै प्रत्येकी. क्षेत्रात आणायचं तर १२० × १६ ÷ १९२ = १० आर. गुंठ्यांत जवळजवळ तेवढेच, कारण एक गुंठा म्हणजे १.०१ आर. आकाराचा, म्हणजे शेतसाऱ्याचा, ताळाही असाच जुळायला हवा. आकार २ रुपये ४० पैसे असेल तर आण्यामागे पंधरा पैसे पडतात.

हिशेब झाला म्हणून मी वही मिटणार होते. मग सवयीने पुन्हा वरपासून वाचलं, तेव्हा उजवीकडच्या 'इतर हक्क' या रकान्यात आत्याचं नाव दिसलं. नाव होतं. पुढे आणे नाहीत, पै नाही.

तुमचे कागद उघडाल तेव्हा सगळ्यात आधी तिथेच बघा. मुलींची नावं भोगवटादारांच्या, म्हणजे जमीनधारकांच्या, रकान्यात न घेता इतर हक्कांत टाकण्याची रीत आपल्याकडे कित्येक वर्षं होती. आजोबांची स्वतःची जमीन आणि मृत्यू १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानंतरचा, म्हणजे मुलीचा वाटा मुलाइतकाच. मी फेरफाराची, म्हणजे हक्क बदलल्याच्या नोंदीची, नक्कल काढली. त्यात वारस म्हणून चार नावं स्पष्ट लिहिलेली: मुलगे तीन, मुलगी एक. सातबाऱ्यावर येताना सोळा आणे तिघांत वाटले गेले. बेरीज सोळा आली, म्हणून चाळीस वर्षं कुणाला काही खटकलं नाही.

म्हणून नुसता संगणकीय उतारा बघून भागत नाही. आजच्या डिजिटल सातबाऱ्यावर, जो पंधरा रुपयांत घरबसल्या मिळतो, बहुतेक वेळा प्रत्येकाच्या नावापुढे थेट क्षेत्र असतं किंवा सगळी नावं एका सामाईक खात्याखाली बांधलेली असतात. आणे-पै बघायचे तर मागे जावं लागतं, तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षातल्या हस्तलिखित सातबाऱ्यांकडे. पूर्वी सातबारा दर दहा वर्षांनी नव्याने लिहून काढत, आणि चुका शिरायच्या त्या या पुनर्लेखनात. शक्य तेवढ्या मागच्या सगळ्या नकला मागा आणि शेजारी शेजारी ठेवून वाचा. नावापाशी वर्तुळात एक आकडा असतो, तो फेरफार क्रमांक. गाव नमुना सहा म्हणजे फेरफार नोंदवही, तिच्यातून त्या क्रमांकाची नक्कल घ्या. सातबारा फक्त निकाल सांगतो, कारण फेरफारात असतं. आणखी एक खूण: ज्या नावाला कंस केलेला आहे त्याचा हक्क त्या नोंदीने संपलेला आहे. ते नाव बेरजेत धरू नका. मी पहिल्या दिवशी धरलं होतं आणि बेरीज एकवीस आणे चार पै आली होती.

बेरीज नेहमी पैमध्येच करा. सगळ्यांचे पै मिळून १९२ आले तर हिशेब पुरा. कमी आले तर एखादं नाव गळलंय किंवा भागाकार तुटलाय. तुटतो कसा ते सांगते, कारण यात लबाडी नसून अंकगणित असतं. पाच भाऊ असतील तर १९२ ला पाचाने नि:शेष भाग जात नाही. मग प्रत्येकी ३ आ. २ पै लिहिलं जातं, अडतीस पै. पाच अडतीस एकशे नव्वद. दोन पै कुणाच्याच नाहीत. सात हिस्से असले तर प्रत्येकी सत्तावीस पै आणि तीन पै हवेत. दोन पै म्हणजे क्षुल्लक वाटतं, पण आमच्या १२० आरांत ती सव्वा आर होते, सुमारे १,३४५ चौरस फूट. त्यावर घर बसतं. नवा कोणताही दस्त करताना आण्यांच्या जोडीला साधा अपूर्णांक लिहून घ्या: एक पंचमांश, एक सप्तमांश. अपूर्णांकातून काही सांडत नाही.

आणि आता जे मला सगळ्यात जास्त सांगायचं आहे. आणेवारी हा वाटा आहे, जागा नव्हे. चार आणे म्हणजे रस्त्याकडची पावली नव्हे आणि विहिरीजवळचीही नव्हे. ज्याचे चार आणे त्याचे प्रत्येक वाफ्यात, प्रत्येक बांधावर, प्रत्येक आंब्यात चार आणे. आमच्या १२० आरांत तीस आर पोटखराबा, म्हणजे लागवडीला न येणारी जमीन, आहे, नुसता कातळ. वाटा सगळ्या क्षेत्रावर असतो, म्हणून कातळही प्रत्येकाच्या हिश्श्यात त्याच प्रमाणात येतो. 'मला भातखाचरं, तुला कातळ, आणे सारखेच' ही वाटणी सगळ्यांना पटली तर करता येते, पण ती वाटणी आहे, आणेवारी नव्हे, आणि तिला वेगळा कागद लागतो. मोजणी न होता कुणी 'माझे चार आणे, पूर्वेस अमुक, पश्चिमेस तमुक' अशा चतुःसीमा घालून विकायला निघालं तर थांबा. चतुःसीमा कुठल्या मोजणीने ठरल्या ते विचारा. हक्कसोडपत्रावर सही मागितली जात असेल तर सहीआधी आपले पै काढा आणि त्यांचं क्षेत्र करा. त्यानंतर सोडायचं की नाही ते ज्याचं त्याने ठरवावं.

जुन्या मोजणीच्या कागदांत आणखी एक आणा भेटतो, तो गुंठ्याचा. तेहतीस फूट गुणिले तेहतीस फूट म्हणजे एक गुंठा, आणि त्याचेही सोळा आणे करत. हा आणा अडुसष्ट चौरस फुटांचा. क्षेत्राच्या रकान्यात गुंठ्यांनंतर आणे आले तर ते माप, नावापुढे आले तर वाटा.

चूक सापडली तर पुढे काय? फेरफारात एक आणि सातबाऱ्यावर दुसरं, निव्वळ उतरवून घेताना झालेली चूक असेल, तर जमीन महसूल अधिनियम १९६६ च्या कलम १५५ खाली तहसीलदारांकडे दुरुस्तीचा अर्ज करता येतो. हक्काबद्दलच वाद असेल तर तो दिवाणी न्यायालयाचा विषय आहे, तलाठी तो सोडवू शकत नाही. त्याच्यावर रागावून उपयोग नाही. सगळे हिस्सेदार राजी असतील तर कलम ८५ खाली तहसीलदारांकडून वाटपही करून घेता येतं.

आमच्याकडे सगळे राजी झाले. धाकटे काका आधी गप्प होते. मी वही त्यांच्यासमोर ठेवली आणि चौघांत १९२ भागून दाखवले, अठ्ठेचाळीस, अठ्ठेचाळीस, अठ्ठेचाळीस, अठ्ठेचाळीस. ते म्हणाले, "एवढं सरळ होतं तर तेव्हाच का नाही केलं?" वडिलांचे ६४ पै ४८ वर आले आणि आम्हा चौघांचे सोळाचे बारा, म्हणजे एकेक आणा, साडेसात आर. माझे अडीच आर कमी झाले आणि हिशेब बरोबर आला. आत्याला हे सांगायला मी तिच्या घरी गेले. ती एक्क्याऐंशी वर्षांची आहे, चौथीपर्यंत शिकलेली, पावकी-निमकी अजून तोंडपाठ. मी "एक चतुर्थांश" म्हणाले, तिला ते लागलं नाही. मग "चार आणे" म्हणाले. तिने बोटं मिटली आणि विचारलं, "म्हंजे पावली ना गो?"

आता चुलतभावाच्या बातमीतली आणेवारी. तिचं आजचं सरकारी नाव पैसेवारी. सामान्य वर्षातल्या उत्पादनाला प्रमाण उत्पादन म्हणतात, ते शंभर पैसे धरायचं. पूर्वी ते सोळा आणे धरत, म्हणून जुनं नाव टिकलं. शेतात ठरावीक मापाचा प्लॉट आखून पीक कापणी प्रयोग करतात, त्यावरून हेक्टरी उत्पादन काढतात. समजा प्रमाण उत्पादन हेक्टरी तीस क्विंटल आणि यंदाचं अठरा, तर पैसेवारी साठ. खरिपाची आधी नजरअंदाज पैसेवारी सप्टेंबरअखेर येते, मग ऑक्टोबरअखेर सुधारित आणि डिसेंबरात अंतिम. तुलना करताना नेमकी कुठली ते बघा, नजरअंदाज आणि अंतिम यांत बराच फरक पडू शकतो.

पन्नास पैशांच्या आत आलेल्या गावाला टंचाईच्या सवलती मिळू शकतात: जमीन महसुलात सूट, पीक कर्जाचं पुनर्गठन, कृषिपंपाच्या वीजबिलात ३३.५ टक्के सवलत, विद्यार्थ्यांना परीक्षा शुल्क माफी. हा आकडा गावाचा असतो, तुमच्या शेताचा नव्हे. तुमचं सगळं पीक गेलं आणि गावाचं बरं आलं, तर आकडा पन्नासच्या वरच राहणार. पीक विम्याची भरपाईही या आकड्यावर ठरत नाही, तिचा हिशेब वेगळा. दुष्काळ जाहीर करण्याचं काम तर २०१६ च्या केंद्रीय दुष्काळ संहितेनंतर पाऊस, वनस्पतींची स्थिती, जमिनीतला ओलावा अशा निर्देशांकांवर गेलं आहे. २०१८ च्या ऑक्टोबरअखेर राज्यातल्या १५१ तालुक्यांत दुष्काळ जाहीर झाला तो त्याच पद्धतीने. पैसेवारी तरीही दर हंगामात काढली जाते. तुमच्या गावची पटत नसेल तर ती जाहीर होताच लेखी हरकत द्या, अंतिम झाल्यावर फार उशीर होतो.

चुलतभावाला मी फोनवर एवढंच सांगितलं: पन्नास पैसे ऐकलंस तर पीक, नावापुढे आणे वाचलेस तर वाटा. मग त्याला त्याच्या वडिलांचे ४८ पै लिहून घ्यायला लावले आणि घरात किती वारस ते मोजून भागाकार करायला सांगितलं. आमच्या मोजणीचा अर्ज भूमी अभिलेख कार्यालयात दिलेला आहे. भूकरमापक आले की हे आणे पहिल्यांदा जमिनीवर उतरतील, आणि कातळ कुणाच्या वाट्याला किती ते दिसेल.