स्कोअरबुकात बसून शिकलेले क्रिकेटचे शब्द

स्कोअरिंग शिकायला लागले तेव्हा क्रिकेटच्या परिभाषेची एक सूची मी तोंडपाठ केली होती. मेडन ओव्हर म्हणजे निर्धाव षटक, आणि निर्धाव म्हणजे ज्यात एकही धाव निघत नाही ते. पहिल्याच मोठ्या सामन्यात पाच चेंडू कोरे गेले आणि सहावा पॅडला लागून सीमापार गेला. लेगबायच्या चार धावा. मी मेडन मांडली नाही. षटक संपलं की दोन्ही स्कोअरर आकडे जुळवून बघतात. शेजारचे काका तिथेच थांबले. "अगं, लेगबाय गोलंदाजाच्या नावावर कशाला घालतेस? मेडनच आहे ती."

धावफलकावर चार धावा चढल्या, तरी षटक निर्धाव! बाय (बॅटला किंवा अंगाला न लागता निघालेल्या धावा) आणि लेगबाय अवांतरात जातात, गोलंदाजाच्या हिशेबात येत नाहीत. वाइड आणि नोबॉल मात्र त्याच्याच नावावर लागतात, त्यामुळे एक वाइड पडला तरी मेडन मोडते. सूचीतला अर्थ चुकीचा नव्हता, अर्धा होता. म्हणून या कामात नव्याने येणाऱ्यांना माझं पहिलं सांगणं हे: कुठलाही शब्द वाचलात की तो स्कोअरबुकात कुठे मांडायचा आणि कोणाच्या नावावर, हे लगेच विचारा. झेलबाद, त्रिफळाचीत, पायचीत, यष्टिचीत, स्वयंचीत (फलंदाजाने स्वतःच यष्टी पाडणं) यांत बळी गोलंदाजाला मिळतो. धावचीतमध्ये मिळत नाही. वाइडवर फलंदाज यष्टिचीत होऊ शकतो का? होतो, आणि तो बळीही गोलंदाजाचाच. असे प्रश्न स्वतःला घालत गेलं की व्याख्या आपोआप पक्क्या होतात.

मराठी शब्द मला फार प्रिय आहेत. आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांसारख्या समालोचकांनी ते घराघरांत पोहोचवले. पण शब्दाची फोड करून नियम काढायला जाऊ नका. पायचीत घ्या. 1999 साली अॅडलेडला ग्लेन मॅग्राचा आखूड टप्प्याचा चेंडू उसळलाच नाही, खाली वाकलेल्या सचिनच्या खांद्याला लागला आणि पंचांनी त्याला पायचीत दिलं. निर्णयावर वाद झाला, तरी मुद्दा खांद्याचा नव्हता. नियमाच्या मजकुरात पायाची अट नाहीच, चेंडू यष्टींवर गेला असता का हे बघायचं असतं. षटकाचंही तसंच. शब्दातच सहा आहेत, पण ऑस्ट्रेलियात 1978-79 च्या मोसमापर्यंत आठ चेंडूंची ओव्हर होती. तिथले जुने धावफलक वाचताना षटकांना सहाने गुणलंत तर चेंडूंचा हिशेब कोलमडतो.

उलट काही ठिकाणी मराठीच जास्त स्वच्छ आहे. इंग्रजीत 'विकेट' हा एकच शब्द तीन दांड्यांना, खेळपट्टीला आणि बाद झालेल्या फलंदाजालाही चालतो, आणि परिभाषेच्या इंग्रजी सूचीत नवखा माणूस तिथेच अडकतो. आपल्याकडे यष्टी, खेळपट्टी, बळी अशी वाटणी आधीच झालेली आहे. 'सहा गडी राखून विजय' यात तर शंकेला जागाच उरत नाही.

क्षेत्ररक्षणाच्या जागांची लांबलचक यादी पाठ करण्यात मी कितीतरी दिवस घालवले. तुम्ही घालवू नका. आधी ऑफ (फलंदाजाच्या बॅटकडची बाजू) आणि लेग (त्याच्या पायांमागची बाजू) पक्कं करा. डावखुरा फलंदाज आला की दोन्ही बाजू उलटतात, हे मैदानावर उभं राहून बघा. मग चार-पाच विशेषणं पुरतात. शॉर्ट म्हणजे फलंदाजाजवळ, सिली म्हणजे अगदी तोंडाशी, डीप म्हणजे सीमारेषेकडे, स्क्वेअर म्हणजे क्रीजच्या सरळ रेषेत, फाइन म्हणजे यष्टिरक्षकाच्या मागच्या अंगाला. पॉइंट म्हणजे ऑफच्या बाजूला क्रीजच्या रेषेतली जागा, एवढं कळलं की सिली पॉइंट, डीप स्क्वेअर लेग, शॉर्ट फाइन लेग या जागा मग तुमच्या तुम्हालाच कागदावर काढता येतात.

आणि स्वतःची एक वही ठेवा, पेन्सिलने लिहिलेली. पेन्सिल अशासाठी की शब्द बदलतात. क्रिकेटचे नियम लिहिणाऱ्या एमसीसी या क्लबने 2021 मध्ये नियमांत 'बॅट्समन'च्या जागी 'बॅटर' आणला. आपला फलंदाज बाई-पुरुष दोघांनाही चालतो, तिथे मला काही खोडावं लागलं नाही. 'मांकडिंग' मात्र मी आनंदाने खोडलं. 1947 साली सिडनीला विनू मांकड यांनी चेंडू टाकण्याआधीच गोलंदाजाकडच्या टोकाची क्रीज सोडणाऱ्या ऑस्ट्रेलियाच्या बिल ब्राउनला बाद केलं, ते नियमात बसणारं होतं आणि खुद्द ऑस्ट्रेलियाचे कर्णधार ब्रॅडमन यांनी मांकडांची बाजू घेतली होती. तरी कित्येक दशकं एका थोर अष्टपैलू खेळाडूचं नाव अखिलाडूपणाला चिकटवलं गेलं. 2022 मध्ये एमसीसीने हा प्रकार अयोग्य खेळाच्या कलम 41 मधून उचलून कलम 38 मध्ये, धावचीतच्या नियमात नेला. माझ्या वहीत त्या ओळीवर आता 'धावचीत' एवढंच आहे, आणि समोरचा गोलंदाजाच्या बळीचा रकाना कोरा आहे.