पेड जाहिरात कुठे आवरायची आणि कुठे काढून टाकायची: ऑनलाइन माल विकणाऱ्या गटांसाठी

वायगावची हळद, भिवापूरची मिरची, भंडाऱ्याचा चिन्नोर तांदूळ किंवा तान्ह्या पोळ्याचे लाकडी नंदी ऑनलाइन विकणाऱ्या बचत गटांची आणि शेतकरी उत्पादक कंपन्यांची एक तक्रार सगळीकडे सारखीच ऐकू येते. ऑर्डर येतात, माल जातो, पण सेटलमेंट (विक्रीतून कपात होऊन मिळणारी रक्कम) हाती पडते तेव्हा जाहिरातीच्या नावाने बरीच रक्कम कापलेली असते. मग वैतागून कुणीतरी सगळ्या जाहिराती एकदम बंद करतं. आठ-दहा दिवसांत ऑर्डर आटतात, जाहिरात पुन्हा जशीच्या तशी सुरू होते आणि पैसा पुन्हा त्याच भोकातून गळतो.

हे टाळायचं तर आधी भोक शोधावं लागतं. इथली उदाहरणं ॲमेझॉनच्या 'स्पॉन्सर्ड प्रॉडक्ट्स' जाहिरातींची आहेत, म्हणजे पैसे भरून आपला माल ग्राहकासमोर आणणाऱ्या जाहिरातींची. मीशो आणि फ्लिपकार्टबद्दल शेवटाकडे थोडं लिहिलं आहे.

जाहिरातीची उतरंड

सेलर सेंट्रलमध्ये (ॲमेझॉनवरच्या विक्रेत्याच्या खात्याच्या पानावर) 'ॲडव्हर्टायझिंग' आणि त्याखाली 'कॅम्पेन मॅनेजर' उघडा. सगळ्यात वर कॅम्पेन असतं. रोजचं बजेट आणि सुरू-बंद तारखा तिथे ठरतात. त्याच्या पोटात ॲड ग्रुप आणि ग्रुपमध्ये तुमची उत्पादनं असतात. सगळ्यात खाली असतात टार्गेट, म्हणजे ज्या शब्दांवर किंवा ज्या दुसऱ्यांच्या मालाच्या पानांवर तुमची जाहिरात झळकते ती ठिकाणं. यातली प्रत्येक पायरी स्वतंत्रपणे थांबवता येते. बहुतेक वेळा तोटा सगळ्यात खालच्या पायरीवर होत असतो आणि लोक बंद करतात सगळ्यात वरची.

ग्राहकाने जाहिरात नुसती पाहिली तर पैसे लागत नाहीत, क्लिक केलं की लागतात, मग तो काही घेवो वा न घेवो. म्हणून गटातल्या सगळ्यांना एक गोष्ट बजावून ठेवा: 'आपली जाहिरात दिसते का' हे बघताना तिच्यावर बोट ठेवायचं नाही. संशयास्पद क्लिक यंत्रणा गाळते, पण दहा सदस्यांनी दहा वेगळ्या मोबाइलवरून केलेले क्लिक गाळले जातीलच, असं धरून चालू नका.

एका क्लिकला किती परवडतं

हा हिशेब कागदावर मांडल्याशिवाय पुढचं काही करू नका. समजा, हळदीचं अर्ध्या किलोचं पाकीट ३०० रुपयांना जातं. त्यातला ५ टक्के जीएसटी साधारण १४ रुपये. ॲमेझॉनचं कमिशन, क्लोजिंग फी आणि वाहतूक मिळून ९५ धरू. हळद, दळाई, पाकीट, खोका, चिकटपट्टी आणि बायांची मजुरी १३० धरू. उरले ६१ रुपये. (आकडे समजावण्यापुरते आहेत. तुमचे आकडे तुमच्या सेटलमेंट रिपोर्टमधूनच घ्या.)

एका ऑर्डरमागे जाहिरातीवर ६१ रुपये गेले तर हाती शून्य. ३०० वर ६१ म्हणजे २० टक्के. डॅशबोर्डवर 'एसीओएस' या नावाने जो टक्का दिसतो तो हाच, म्हणजे जाहिरातीच्या खर्चाचं जाहिरातीतून झालेल्या विक्रीशी प्रमाण. या पाकिटासाठी तो २० च्या वर गेला की प्रत्येक ऑर्डर पदरमोड करून पाठवली जातेय, असं समजा.

आता समजा दहा क्लिकमागे एक जण खरेदी करतो. मग एका क्लिकला जास्तीत जास्त ६ रुपये परवडतात. त्यावर जाहिरात सेवेचा १८ टक्के जीएसटी वेगळा लागतो. तुम्ही नियमित जीएसटीत असाल तर त्याचं क्रेडिट मिळतं, म्हणजे तेवढा कर तुमच्या भरायच्या जीएसटीतून वजा होतो. कंपोझिशनमध्ये (लहान व्यापाऱ्यांच्या सोप्या जीएसटी योजनेत) असाल किंवा नोंदणीच नसेल तर मिळत नाही. अशा वेळी बिड, म्हणजे एका क्लिकसाठी तुम्ही लावलेली बोली, ६ ऐवजी ५ वर ठेवावी लागते.

शंभर ग्रॅमच्या पाकिटावर हाच हिशेब करून बघा. किंमत उतरते, पण वाहतूक आणि फी त्या प्रमाणात उतरत नाही. लहान पाकिटाची जाहिरात बहुधा परवडतच नाही. ॲड ग्रुपमधल्या 'ॲड्स' टॅबमध्ये जाऊन तेवढं उत्पादन बंद करा. लिस्टिंगला, म्हणजे मालाच्या विक्रीच्या पानाला, त्याचा काही धक्का लागत नाही. पाकीट दुकानात राहतं, फक्त जाहिरातीत दिसत नाही.

बिड पाचची, क्लिक पंधराचा

बिड पाच रुपये ठेवली असताना क्लिक बारा-पंधरा रुपयांना का पडतो, हा प्रश्न वारंवार येतो. उत्तर कॅम्पेनच्या सेटिंगमध्ये असतं. 'डायनॅमिक बिड्स, अप अँड डाउन' निवडलेलं असेल तर शोधाच्या पहिल्या पानावरच्या वरच्या जागेसाठी यंत्रणा बिड दुपटीपर्यंत वाढवू शकते. त्यात 'टॉप ऑफ सर्च' साठी वेगळी ५० टक्के वाढ भरून ठेवलेली असली की पाचाचे साडेसात होतात आणि साडेसाताचे दुपटीने पंधरा. दोन्ही सेटिंग आपापल्या जागी निर्दोष दिसतात, मिळून खिसा कापतात. गावातल्या लहान विक्रेत्याने 'डाउन ओन्ली' (यंत्रणा बिड फक्त कमी करू शकते) ठेवावं आणि वाढीचे टक्के शून्य करावेत. नुसतं एवढं केल्यावरही खर्च बऱ्यापैकी खाली येतो.

रोजचं बजेट ही रोजची पक्की मर्यादा नसते. २०० रुपये लिहिले म्हणजे ३० दिवसांच्या महिन्यात ६,००० पर्यंत, असा त्याचा अर्थ. गर्दीच्या दिवशी २०० च्या वर जाऊन शांत दिवशी ते भरून काढलं जातं. सणाआधी एका दिवसात ३०० गेलेले दिसले तर घाबरून कॅम्पेन मोडू नका. पक्की मर्यादाच हवी असेल तर कॅम्पेन पोर्टफोलिओत (कॅम्पेनच्या गटात) टाका आणि पोर्टफोलिओला महिन्याचं बजेट लावा.

शब्द तपासणं, हे खरं काम

ॲड ग्रुपमध्ये 'सर्च टर्म्स' टॅब असतो. हीच माहिती रिपोर्ट म्हणून उतरवून घेतली की एक्सेलमध्ये खर्चाच्या उतरत्या क्रमाने लावता येते. ग्राहकाने नेमकं काय टाइप केलं, त्यावर किती क्लिक पडले, किती पैसे गेले आणि किती ऑर्डर आल्या, हे सगळं त्यात दिसतं. आठवड्यातून एक तास या यादीला द्या. ऑटो कॅम्पेन चालवत असाल तर ही यादी बघणं चुकवूच नका, कारण तिथे शब्द तुम्ही निवडलेले नसतात, यंत्रणेने निवडलेले असतात.

हळदीच्या जाहिरातीत काय सापडतं ते बघा. जानेवारीत संक्रांतीच्या सुमारास 'हळदी कुंकू' असा शोध वाढतो. शोधणाऱ्या बाईला हवी असते वाणाची डबी किंवा करंडा. तिच्यासमोर तुमचं अर्ध्या किलोचं पाकीट येतं, ती उत्सुकतेने उघडून बघते, परत जाते. तुमचे पाच रुपये गेले. तेच 'करक्युमिन कॅप्सूल' शोधणाऱ्याचं. मिरचीच्या जाहिरातीत 'काश्मिरी मिरची पावडर' वर क्लिक येतात. त्या ग्राहकाला रंग हवा असतो, भिवापुरीचा तिखटपणा नको असतो.

असे उघड परके शब्द एका क्लिकनंतरच काढावेत. कॅम्पेनमध्ये 'निगेटिव्ह कीवर्ड्स' (वगळायचे शब्द) मध्ये जाऊन 'निगेटिव्ह फ्रेज' प्रकाराने 'कुंकू' टाका, म्हणजे तो शब्द असलेले सगळे शोध वगळले जातील. लोक रोमन अक्षरांत वेगवेगळ्या तऱ्हेने लिहितात, त्यामुळे यादीत दिसलेली प्रत्येक तऱ्हा टाका आणि देवनागरीही टाका. फ्रेज वापरताना हात आखडता ठेवा. 'हळद' हाच शब्द चुकून निगेटिव्ह फ्रेजमध्ये गेला तर तो असलेला एकही शोध तुमच्याकडे येणार नाही आणि 'जाहिरात चालू असून दिसत का नाही' याचं उत्तर कुणालाच सापडणार नाही. शंका असेल तिथे 'निगेटिव्ह एक्झॅक्ट' घ्या. तो तेवढाच नेमका शोध अडवतो.

जे शब्द मालाशी जुळतात पण विक्री देत नाहीत, त्यांच्या बाबतीत घाई करू नका. दहात एक खरेदी होत असेल तर दहा क्लिक कोरडे जाणं हे निव्वळ योगायोगानेही तिनांत एकदा घडतं. वीस क्लिक कोरडे गेले तर तशी शक्यता आठांत एक उरते. म्हणून वीसपर्यंत थांबावं. मधल्या काळात त्या शब्दाची बिड पाव हिश्शाने कमी करून बघावी, मगच शब्द काढावा. ॲमेझॉन क्लिकनंतर सात दिवसांत झालेली खरेदी त्या क्लिकच्या खात्यावर लिहितं. त्यामुळे काल-परवाच्या क्लिकवरून निकाल लावू नका. रिपोर्ट आठवड्यापूर्वीपर्यंतचाच वाचा. हळदीच्या जाहिरातीवरून आत येऊन तुमचीच मिरची घेतलेला ग्राहकही याच विक्रीत मोजला जातो, हेही ध्यानात असू द्या.

यादीत 'बी०' ने सुरू होणारी अक्षर-आकड्यांची ओळ दिसली तर तो शोध नव्हे. ते दुसऱ्या विक्रेत्याच्या उत्पादनाचं पान आहे आणि तुमची जाहिरात तिथे लागली होती. ते 'निगेटिव्ह प्रॉडक्ट्स' मध्ये टाकावं लागतं. निगेटिव्ह कीवर्डमध्ये टाकून उपयोग होत नाही. अशी पानं फारच पैसे खात असतील तर ऑटो टार्गेटिंगचे चार गट असतात, क्लोज मॅच (मालाशी जवळून जुळणारे शोध), लूज मॅच (सैल जुळणारे शोध), सब्स्टिट्यूट्स (तुमच्यासारख्याच मालाची पानं) आणि कॉम्प्लिमेंट्स (जोडीने लागणाऱ्या मालाची पानं). त्यातले शेवटचे दोन पॉज करा. पहिल्यांदा जाहिरात लावणाऱ्या गटाने फक्त क्लोज मॅच चालू ठेवून सुरुवात करावी, असं आमचं स्पष्ट मत आहे.

पॉज आणि आर्काइव्ह

पॉज केलेलं कधीही पुन्हा सुरू करता येतं. आर्काइव्ह केलेलं पुन्हा सुरू होत नाही, त्याचे जुने आकडे तेवढे बघता येतात. म्हणून नियम असा: आधी पॉज, मग निदान एक हंगाम वाट बघा, आणि तो माल पुन्हा विकायचाच नसेल तर आर्काइव्ह. कॅम्पेन पॉज करायला नावासमोरचं बटण सरकवा. आर्काइव्ह करण्याआधी सर्च टर्म रिपोर्ट उतरवून गटाच्या मेलवर ठेवा. कोणता शब्द चालला आणि कोणता बुडाला हे पैसे मोजून कळलेलं असतं, नव्या कॅम्पेनला ते फुकट वापरता येतं.

पॉज केल्यावरही एक-दोन दिवस खर्चाचे आकडे हलतात. आधी झालेल्या क्लिकची ती नोंद असते. त्यांचं बिल लागणारच.

लिस्टिंगचा साठा शून्य केला म्हणजे जाहिरात काढली, हा गैरसमज फार महागात पडतो. माल नसताना जाहिरात दिसत नाही हे खरं, पण कॅम्पेन आत चालूच असतं. मार्च-एप्रिलमध्ये नवी हळद भरून साठा अपडेट केला की जुनी बिड, जुनं बजेट आणि जुने शब्द घेऊन ती कुणालाही न विचारता पुन्हा सुरू होते. साठा संपत आला की कॅम्पेन स्वतःच्या हाताने पॉज करा.

हंगामी माल

लाकडी नंदीसारख्या मालाला शेवटची तारीख घातलीच पाहिजे. ती तारीख तान्ह्या पोळ्याची नसते. कुरिअरचा माणूस तालुक्याहून किती दिवसांनी येतो आणि पुढे नागपूर, पुणे, मुंबईला पोहोचायला किती लागतात ते मोजा. एकूण सात दिवस लागत असतील तर सणाच्या सात-आठ दिवस आधीच जाहिरात थांबली पाहिजे. त्यानंतरचा ग्राहक पोहोचण्याची तारीख बघून परत जातो आणि क्लिकचे पैसे तुमच्याकडून जातात. तारीख दरवर्षी पंचांग बघून घाला. तान्हा पोळा पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी असतो. २०२५ चा पोळा २२ ऑगस्टला होता. २०२६ मध्ये अधिक महिना असल्याने तो सप्टेंबरात येतो. गेल्या वर्षीची तारीख उचलून लावली तर ऐन मागणीत जाहिरात बंद पडलेली असेल. सणानंतर हे कॅम्पेन आर्काइव्ह करू नका, पुढच्या वर्षासाठी पॉज ठेवा.

इतर ठिकाणी आणि चाव्या कुणाकडे

मीशोवर जाहिरात कॅटलॉगला, म्हणजे एकत्र मांडलेल्या मालाच्या संचाला, लागते. एका कॅटलॉगमध्ये चालणारा आणि न चालणारा माल एकत्र असला की दोघांचा खर्च एकत्र होतो, म्हणून जाहिरातीचा माल वेगळ्या कॅटलॉगमध्ये ठेवा. फ्लिपकार्टवरही हिशेब क्लिकचाच आहे. तिथेही वरचं ६१ रुपयांचं गणित तसंच लागू पडतं.

खातं शहरातल्या एजन्सीने किंवा गावातल्या शिकलेल्या मुलाने उघडून दिलं असेल तर सेटिंगमधल्या 'यूझर परमिशन्स' मध्ये कुणाकुणाला जाहिरातीचा अधिकार आहे ते बघा. मुख्य लॉगिनचा ओटीपी गटाच्या अध्यक्ष किंवा सचिवताईंच्या मोबाइलवरच आला पाहिजे. काम थांबवलं की त्या माणसाची परवानगीही त्याच दिवशी काढा. नाहीतर तुम्ही पॉज केलेलं कॅम्पेन दुसरीकडून सुरू होऊ शकतं. वीज गेलेली असेल, ब्रॉडबँड बंद असेल तर सेलर ॲपवरूनही पॉज करता येतं. शब्दांची छाननी मात्र मोठ्या पडद्यावर करा.

जाहिरात काढल्यानंतर आठवड्याने 'ॲडव्हर्टाइज्ड प्रॉडक्ट' रिपोर्ट उतरवा, त्यात त्या पाकिटाचा एसकेयू (तुम्ही मालाला दिलेला क्रमांक) शोधा आणि काढल्याच्या तिसऱ्या दिवसापासूनचा खर्च बघा. तो शून्य नसेल तर तेच पाकीट आणखी एखाद्या विसरलेल्या कॅम्पेनमध्ये आहे. त्याच ओळीत त्या कॅम्पेनचं नाव लिहिलेलं असतं.