वसुलीच्या नोटिशीला हरकत कोठे आणि किती दिवसांत घ्यावी

बँकेची नोटीस हाती पडली की आधी ती कोणत्या कायद्याखाली निघाली आहे हे पाहावे. रकमेकडे त्यानंतर पाहिले तरी चालते. बँकेची नोटीस बहुधा २००२ च्या सरफेसी कायद्याच्या, म्हणजे न्यायालयात न जाता गहाण मिळकत ताब्यात घेऊन विकण्याचा अधिकार बँकांना देणाऱ्या कायद्याच्या, कलम १३(२) ची असते. पतसंस्था मात्र सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला (थकबाकी वसूल करण्याचा आदेश) मिळवते आणि त्याविरुद्ध दाद सहकारी संस्थांच्या निबंधकांच्या यंत्रणेकडेच मागावी लागते. सहकारी बँकेला सरफेसी लागू होत नाही, हा आपल्याकडे अजूनही ऐकू येणारा युक्तिवाद सर्वोच्च न्यायालयाने ५ मे २०२० रोजी निकालात काढला आहे, आणि तो खटला आपल्याच कागल तालुक्यातील मुरगूडच्या एका सहकारी बँकेचा होता.

कलम १३(२) च्या नोटिशीत रक्कम भरण्यास ६० दिवस दिलेले असतात. त्याच मुदतीत लेखी हरकत द्यावी आणि बँकेच्या शिक्क्यासह पोच घ्यावी. ती अमान्य करताना बँकेने १५ दिवसांत कारणे कळवली पाहिजेत. हरकतीत हलाखीची कहाणी लिहून उपयोग नाही. खाते थकीत ठरवताना हप्ता चुकल्यापासून ९० दिवस खरोखर उलटले होते का, भरलेले हप्ते कोणत्या तारखेला जमा धरले, गहाण मिळकतीचा गट नंबर किंवा सिटी सर्व्हे नंबर बरोबर आहे का, हे पावत्या आणि खातेउतारा शेजारी ठेवून तारीखवार मांडावे.

शेतजमिनीला कलम ३१(आय) चे संरक्षण आहे, पण ते नुसत्या सातबाऱ्यावर मिळेल असे समजू नये. जमीन प्रत्यक्ष शेतीखाली आहे हे कर्जदारानेच सिद्ध करायचे असते. त्यासाठी पीकपाहणी, कारखान्याकडील ऊसनोंद आणि उसाची बिले जोडावीत. त्याच गटात शेड उभारून वर्कशॉप चालवले असेल, तर बाजू लंगडी पडते.

सर्वांत जास्त घात होतो तो ताबा नोटिशीपाशी. दारावर कागद चिकटवला, पण घरातून कोणी बाहेर काढले नाही, म्हणून माणूस स्वस्थ बसतो. मात्र या प्रतीकात्मक (कागदोपत्री) ताब्यापासूनच त्याविरुद्ध कलम १७ खाली अर्ज करण्याची ४५ दिवसांची मुदत धावू लागते. चिकटवलेल्या कागदाचा तारखेसह फोटो काढून ठेवावा. कोल्हापूरकरांना हा अर्ज पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात करावा लागतो. दिवाणी न्यायालयांना अशा प्रकरणांत मज्जाव करणाऱ्या कलम ३४ मुळे कोल्हापुरातील कसबा बावड्याच्या न्यायालयात मनाईचा दावा सहसा टिकत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात बसत असले, तरी न्यायाधिकरणाचा मार्ग खुला असताना तेथील रिट याचिका बहुधा परत पाठवली जाते.

न्यायाधिकरणात निकाल विरुद्ध गेल्यास ३० दिवसांत अपील करता येते, पण त्यासाठी कर्जदाराला देय रकमेच्या ५० टक्के भरावे लागतात. अपिली न्यायाधिकरण ही अट २५ टक्क्यांपर्यंतच उतरवू शकते. कर्ज फेडून मिळकत सोडवण्याचा हक्कही २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच उरतो. तेव्हा नातेवाइकांकडून किंवा दुसरी जागा विकून पैसे उभे राहणार असतील, तर ते त्या नोटिशीच्या आत बँकेत पोचतील अशी तजवीज करावी.